‘आठशेत नापास, सहा महिन्यांत जगज्जेती’: दाजींच्या फॉरवर्डला उत्तर

मंगळवारी रात्री आमच्या फॅमिली ग्रुपवर दाजींनी एक फॉरवर्ड टाकला. तोच मेसेज मला आतापर्यंत आणखी चार ठिकाणांहून आलाय, आणि एरवी मी वाचून सोडून दिला असता. पण खाली दाजींनी लिहिलंय, "आपल्या पोरीलाही आता रस्त्यावर उतरवायचं, रविवारच्या २१ किलोमीटरला नाव टाकलंय." पोरगी म्हणजे माझी भाची. सोळा वर्षांची आहे, आठशे मीटर पळते, आणि गेला दीड महिना तिची नडगी दुखतेय. त्यामुळे हे सगळं इथं लिहितेय, ग्रुपवर एवढं कुणी वाचणार नाही.

मेसेज थोडक्यात असा. इथिओपियाची तिगिस्त असेफा ८०० मीटर पळायची, त्यात ती सपशेल नापास झाली, ऑलिम्पिकमध्ये पहिल्याच फेरीत बाहेर. मग पायाला दुखापत झाली. तेव्हा तिनं वेगाचा नाद सोडला आणि मॅरेथॉन धरली, कारण मॅरेथॉन हळू पळायची असते आणि दुखऱ्या पायाला झेपते. पहिल्या मॅरेथॉनला तिला २ तास ३४ मिनिटं लागली, फक्त सहा महिन्यांनी ती २ तास १५ मिनिटांत पळून बर्लिन जिंकली, पुढच्या वर्षी विश्वविक्रम, आणि तो आजही तिच्याच नावावर. शेवटी एका बुटाचा फोटो, "चाळीस हजारांचा बूट, हेच रहस्य", आणि त्याखाली ठळक अक्षरात, "तुमची मुलंही चुकीच्या इव्हेंटमध्ये अडकलीत का?"

यातली नावं खरी आहेत, बरेचसे आकडेही खरे आहेत, म्हणूनच तर लोकांना पटतंय. पण आकडे खरे ठेवून मधला अर्थ पार उलटा केलाय. ज्याला तपासायचंय त्यानं वर्ल्ड अ‍ॅथलेटिक्स या जागतिक संघटनेच्या साईटवर जाऊन तिचं पान उघडावं, प्रत्येक खेळाडूचं असं पान असतं, कुठली शर्यत, कुठल्या साली, किती वेळ, सगळं ओळीनं लिहिलेलं असतं, पैसे पडत नाहीत. दहा मिनिटांचं काम आहे आणि मेसेज लिहिणाऱ्यानं ते केलेलं नाही.

आधी ते "आठशेत नापास". तिगिस्तची ८०० मीटरची सर्वोत्तम वेळ १:५९.२४, लोझान, २०१४. तेव्हा ती सतरा वर्षांची होती. आता हा आकडा आपल्या भाषेत सांगते. टिंटू लुकानं २०१० मध्ये भारताचा राष्ट्रीय विक्रम केला तो १:५९.१७ चा, आणि तोसुद्धा पी. टी. उषांच्या हाताखाली वर्षानुवर्षं घासून. म्हणजे ही मुलगी सतराव्या वर्षी आपल्या राष्ट्रीय विक्रमापासून सेकंदाच्या शंभराव्या भागात मोजलं तर सात भाग लांब होती. याला नापास म्हणायचं? २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकला ती प्राथमिक फेरीतच बाहेर पडली हे खरं आहे. पण ऑलिम्पिकच्या त्या फेरीत उभं राहायला काय लागतं हे आपल्या जिल्ह्यातल्या कुठल्याही आठशेवाल्या पोरीला विचारा, ती सांगेल.

हा मुद्दा मी आधी घेतला कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. "नापास मुलगी सहा महिन्यांत जगज्जेती" असं म्हटलं की कुणालाही वाटतं आपणही करू. "सतराव्या वर्षी दोन मिनिटांच्या आत आठशे पळणारी मुलगी आठ वर्षांनी मॅरेथॉन जिंकली" असं म्हटलं की तो मेसेज कुणी पुढं पाठवणार नाही.

आता खरा संतापजनक भाग. मॅरेथॉन हळू असते, म्हणून दुखऱ्या पायाला बरी.

दाजी, हिशेब करू. २४ सप्टेंबर २०२३ ला तिगिस्त बर्लिनला २ तास ११ मिनिटं ५३ सेकंदांत पळाली. किलोमीटरला सरासरी ३ मिनिटं साडेसात सेकंद पडतात. चारशे मीटरच्या ट्रॅकवर मोजलं तर एक लॅप ७५ सेकंदांत. असे एकशे पाच लॅप, न थांबता. म्हणजे दर आठशे मीटर अडीच मिनिटांत, आणि अशी बावन्न आठशे एकाला एक जोडून, वर थोडं उरतंच. आपल्या पोरीची आठशेची बेस्ट वेळ २:२६ आहे. तिचा जीव तोडून पळलेला एक आठशे आणि तिगिस्तचा त्या दिवशीचा कुठलाही आठशे यात चार सेकंदांचा फरक आहे. यात हळू कुठंय?

आणि मॅरेथॉन हळू वाटते ती फक्त तिगिस्तला, कारण तिच्या पायात एका लॅपला साठ सेकंदांच्या आतला वेग होता. ज्याला साठची सवय आहे त्याला पंच्याहत्तरमध्ये श्वास घ्यायला जागा मिळते. मेसेज म्हणतो तिनं वेगाचा नाद सोडला म्हणून जमलं, प्रत्यक्षात तो वेग होता म्हणून जमलं. आपल्या पोरीला आज काय कमवायचं असेल तर तो वेगच, आणि तोच तुम्ही रविवारी डांबरावर घालवायला निघालाय.

दुखापतीचं आता. तिगिस्तला त्रास होता तो टाचेच्या वरच्या शिरेचा, अकिलीसचा, आणि तो वाढत होता स्पाइक्स, म्हणजे तळाला खिळे असलेले ट्रॅकचे बूट, घालून पळताना. स्पाइक्सची टाच सपाट असते, पूर्ण भार चवड्यावर येतो, पोटरी आणि ती शीर दर पावलाला ताणली जाते. म्हणून २०१८ च्या सुमाराला तिनं स्पाइक्स सोडून रस्त्यावरच्या शर्यती धरल्या. इथवर मेसेज बरोबर आहे, मी मान्य करते. पण यातून "दुखऱ्या पायाला मॅरेथॉन बरी" असं कुठून निघालं? तिची शीर एका प्रकारच्या बुटानं दुखत होती, तिनं तो बूट सोडला. आपल्या पोरीचं दुखणं नडगीच्या हाडावर आहे, बोटानं दाबलं की एका जागी कळ येते असं ती मला फोनवर सांगत होती. हाडाचं दुखणं वाढतं ते पावलांच्या संख्येनं. तिचं पाऊल सव्वा मीटरचं धरा, २१ किलोमीटरला जवळपास सतरा हजार पावलं होतात, आणि पळताना दर पावलाला अंगाच्या वजनाच्या दोन-अडीच पट भार पायावर येतो. त्यातली निम्मी, म्हणजे साडेआठ हजारांच्या आसपास, डांबरावर, आधीच दुखत असलेल्या पायावर.

आणि इथिओपियातली माणसं रोज डांबरावर पळतात असं कुणाला वाटत असेल तर तेही चूक. आदिस अबाबा समुद्रसपाटीपासून तेवीसशे मीटरच्या वर आहे, आणि वरच्या एन्टोटोच्या डोंगरावर, नाहीतर सुलुल्ता, सेंडाफाकडे पहाटे गट करून पळायला जातात. हलक्या दिवशी निलगिरीच्या झाडांतून, मातीवरून, गवतावरून, आणि डांबर ठरलेल्या दिवशीच. पाय जपायचे म्हणून. जगात सगळ्यात वेगानं लांब पळणारी माणसं मऊ जमीन शोधत जातात आणि आपण सोळा वर्षांच्या मुलीला हायवेच्या सर्व्हिस रोडवर सोडतो.

हे मी पुस्तकातून सांगत नाहीये. मी कॉलेजात पंधराशे पळायचे. तेव्हा गावोगावी रविवारी "मॅरेथॉन" असायच्या, आजही असतात, पाच किलोमीटरची मॅरेथॉन, दहा किलोमीटरची मॅरेथॉन, जत्रेनिमित्त, कुणाच्या वाढदिवसानिमित्त. (मॅरेथॉन ४२.१९५ किलोमीटरचीच असते. कराडहून निघालात तर साताऱ्याच्या जवळपास पोचाल एवढं अंतर आहे ते. आपल्याकडे कुठल्याही रस्त्यावरच्या शर्यतीला मॅरेथॉन म्हणतात आणि म्हणूनच असले मेसेज खपतात.) पाकीट मिळायचं, हजार-दोन हजार, घरात बरं वाटायचं. मी एका मोसमात दर रविवारी पळाले. नडगी दुखायला लागली तेव्हा शिकवणारे म्हणाले, पळून पळून मोकळी होईल. चार महिने माझी पाळी आली नव्हती, ते कुणाला सांगायचं असतं हेही मला माहीत नव्हतं, आणि कमी खाऊन जास्त पळणाऱ्या मुलींची पाळी जाते, मग हाडं कमजोर होतात हे मला सांगणारंही कुणी नव्हतं. शेवटी एक्स-रेमध्ये काही दिसलं नाही, एमआरआयमध्ये हाडाला बारीक चीर दिसली. सात महिने बंद. परत ट्रॅकवर आले तेव्हा माझ्या वेळा पुन्हा कधीच आल्या नाहीत. आईला विचारा, तिला सगळं आठवतंय.

वर्ल्ड अ‍ॅथलेटिक्सच्या नियमात वीस वर्षांखालच्या खेळाडूला मोठ्या जागतिक स्पर्धेत मॅरेथॉन पळताच येत नाही. तो नियम काही हौस म्हणून केलेला नाही. २१ किलोमीटर म्हणजे मॅरेथॉन नाही हे मला कळतं, पण आठवड्याला पंचवीस-तीस किलोमीटर पळणाऱ्या पोरीला एका सकाळी २१ पळवणं यात शहाणपण कुठलंच नाही.

"फक्त सहा महिने" हा मुद्दा लोकांना सगळ्यात जास्त आवडलेला दिसतोय. आकडे खरे आहेत हेही कबूल करते. मार्च २०२२, रियाध, २:३४:०१. सप्टेंबर २०२२, बर्लिन, २:१५:३७. साडेसहा महिन्यांत अठरा मिनिटांच्या वर सुधारणा, आणि त्या दिवशी जगभरातले जाणकारही चकित झाले होते. पण २:३४ ही तिची कुवत होती आणि ती सहा महिन्यांत वाढली असं समजणं म्हणजे दहावीच्या पहिल्या चाचणीत कमी मार्क पडले म्हणून पोरगं ढ होतं असं म्हणण्यासारखं आहे. पहिली मॅरेथॉन कुणाचीही फसू शकते. तीस-बत्तीस किलोमीटरनंतर अंगातली साखर संपते, काय प्यायचं, किती प्यायचं, कुठं आवरायचं हे एकदा ठेच लागल्याशिवाय कळत नाही. कधी कधी पहिलीच चांगलीही जाते. तिच्याच देशाची गेन्झेबे दिबाबा, १५०० मीटर ३:५०.०७ मध्ये पळून विश्वविक्रम करणारी, २०२२ मध्ये आम्सटरडॅमला पहिलीच मॅरेथॉन २:१८:०५ मध्ये पळाली. म्हणजे एकाच वर्षी, एकाच देशाच्या, ट्रॅकवरून आलेल्या दोघी, पहिल्या मॅरेथॉनमध्ये सोळा मिनिटांचा फरक. मग पहिल्या मॅरेथॉनवरून निष्कर्ष कशाला काढायचा?

खरा कालावधी मोजायचा तर २०१८ पासून मोजा. स्पाइक्स सोडल्या त्या दिवसापासून बर्लिनच्या विजयापर्यंत चार वर्षं, गेमेदू देदेफो या कोचच्या गटात, रस्त्यावरच्या छोट्या शर्यतींपासून हळूहळू अंतर वाढवत. आणि त्याच्या आधी पोरवयापासूनची ट्रॅकची वर्षं, ती पण त्यातच धरली पाहिजेत, कारण आठशे मीटर म्हणजे नुसती धावपळ नाही, त्यातला निम्म्याहून जास्त जोर श्वासावरच चालतो. मॅरेथॉनचा पाया तिथंच पडत होता. अम्हारिक भाषेत तिगिस्त या नावाचा अर्थ धीर, सबुरी. ज्या मुलीचं नावच सबुरी, तिची गोष्ट आपण "सहा महिन्यांत" म्हणून एकमेकांना पाठवतोय, हे मला खरंच सहन होत नाही.

त्या बर्लिनच्या शर्यतीही नीट बघा. २०२२ ला पहिली अर्धी १:०८:१३ आणि दुसरी १:०७:२४. २०२३ ला पहिली १:०६:२० आणि दुसरी १:०५:३३. दोन्ही वेळा दुसरा अर्धा भाग जास्त वेगानं. म्हणजे पहिल्या एकवीस किलोमीटरला स्वतःला आवरलं. हे आवरणं वर्षानुवर्षं घोटल्याशिवाय येत नाही. सोळाव्या वर्षी कुणालाच येत नाही, मलाही आलं नव्हतं.

बूट. इथं मला थोडी माघार घ्यावी लागते. २०२३ च्या विक्रमाला तिच्या पायात आदिदासचा आदिझेरो आदिओस प्रो इव्हो १ होता, १३८ ग्रॅमचा, किंमत ५०० डॉलर म्हणजे तेव्हाचे चाळीस हजारांच्या वर, आणि कंपनीनंच सांगितलं होतं की तो एखाद्या मॅरेथॉनपुरताच टिकेल. नव्या फोमच्या बुटांनी गेल्या सात-आठ वर्षांत सगळ्यांच्याच वेळा खाली आल्यात, ते कुणी नाकारत नाही. पण २०२२ ला ती २:१५:३७ पळाली तेव्हा हा बूट बाजारात आलेलाही नव्हता. आणि असले बूट आता सगळ्याच कंपन्या करतात, पुढच्या फळीतल्या सगळ्यांच्याच पायात असतात, मग सगळ्याच का नाही २:११ पळत? ब्रिगिड कोसगेईचा आधीचा विक्रम २:१४:०४ चा होता, तोही नव्या बुटांच्या काळातलाच, २०१९ चा. त्यातून एका झटक्यात दोन मिनिटं अकरा सेकंद गेली. दाजी, पोरीला बूट घ्यायचाच असेल तर साधा, जाड तळाचा, रोजच्या सरावाचा घ्या, तिचा आत्ताचा एका बाजूनं झिजलाय.

"आजही विक्रम तिच्याच नावावर" हे तर सरळ चूक. ऑक्टोबर २०२४ मध्ये शिकागोला केनियाची रूथ चेपनगेटिच २:०९:५६ पळाली. तिच्यावर पुढं २०२५ मध्ये डोपिंगसाठी तीन वर्षांची बंदी आली, पण हिशेब मार्च २०२५ च्या सॅम्पलपासून धरला गेला त्यामुळे आधीचा विक्रम तसाच राहिला. त्यावर लोकांची मतं काय असायची ती असोत. तिगिस्तनं एप्रिल २०२५ मध्ये लंडनला २:१५:५० चा वेगळा विक्रम केला, फक्त बायकांच्या शर्यतीतला. बर्लिनला पुरुष पेसर, म्हणजे ठरलेला वेग राखून पुढं पळणारे, सोबत असतात, लंडनला बायकांची शर्यत आधी सुटते, पुढं वारा कापायला कुणी पुरुष नसतो, म्हणून दोन विक्रम वेगळे मोजतात. माझ्या मते लंडनचा जास्त मोठा. मेसेजमध्ये त्याचा उल्लेखच नाही.

पॅरिसचाही नाही. २०२४ ची ऑलिम्पिक मॅरेथॉन, बेचाळीस किलोमीटर झाल्यावर दोघीच उरल्या, तिगिस्त आणि सिफान हसन. सिफानही मूळची इथिओपियाची, नेदरलँड्सकडून पळते, १५०० ची जगज्जेती होती. शेवटच्या वळणावर दोघींचे खांदे एकमेकींना घासले, आणि सिफान तीन सेकंदांनी पुढं गेली, २:२२:५५ आणि २:२२:५८. ऑलिम्पिकचं सुवर्ण ठरलं ते दोन ट्रॅकवाल्यांच्या स्प्रिंटवर. हे मी भाचीला व्हिडिओ लावून दाखवलं होतं, तिनं तो शेवटचा भाग सहा वेळा बघितला.

आणि "चुकीच्या इव्हेंटमध्ये अडकलेत का" या प्रश्नाला उत्तर द्यायला इथिओपियाला जायचीही गरज नाही, तुमच्याच जिल्ह्यात आहे. माण तालुक्यातल्या मोहीची ललिता बाबर, मुंबई मॅरेथॉनमध्ये भारतीय महिलांत सलग तीनदा पहिली आली, आणि मग उलट गेली, रस्त्यावरून ट्रॅककडे, ३००० मीटर स्टीपलचेसला, म्हणजे अडथळ्यांच्या आणि पाण्यावरून उड्या मारायच्या शर्यतीला. त्याच रिओमध्ये, जिथं तिगिस्त पहिल्या फेरीत बाहेर पडली, तिथं ललिता अंतिम फेरीत पोचली आणि दहावी आली. १९८४ ला पी. टी. उषा पोचल्या होत्या, त्यानंतर बत्तीस वर्षांनी भारताची एखादी बाई ट्रॅकवरच्या वैयक्तिक शर्यतीच्या फायनलला दिसली. इव्हेंट बदलतात, कुठूनही कुठंही बदलतात, पण शरीर तयार झाल्यावर, त्या खेळाडूच्या मर्जीनं. आपल्या पोरीला कुणी विचारलंय का? मी विचारलं. तिला आठशेच पळायचंय. निदान विभागीयपर्यंत तरी, आणि २:२० च्या आत यायचंय तिला.

दाजी, तुम्ही वाईट हेतूनं केलेलं नाही हे मला माहीत आहे. पहाटे साडेचारला उठून तिला ग्राउंडवर सोडणारे तुम्हीच आहात, ताईनं सांगितलंय मला. म्हणूनच एवढं लिहिलं. रविवारी तिला उभं करू नका. प्रवेश फी परत देत नसतील तर ती मी देते. मंगळवारी सकाळी साडेदहाला हाडांच्या डॉक्टरांची वेळ घेतलीय, मी सातच्या एसटीनं निघते, तुम्ही तिला घेऊन स्टँडवर या. आणि तोपर्यंत तिला फक्त पोहायला पाठवा.